पेया, पेज आणि क्योटोतील एक सकाळ

दवाखाना चालविणाऱ्या वैद्याला सलग आठ दिवसांची सवड मिळणे ही दुर्मिळ गोष्ट आहे. गेल्या मार्चच्या अखेरीस, ओसाका येथे नोकरीनिमित्त राहणाऱ्या मेहुण्याच्या आग्रहावरून, तो योग जुळून आला. त्या आठ दिवसांतील एक सकाळ आम्ही क्योटो शहरातील मार्गदर्शित पदयात्रेसाठी राखून ठेवली होती. नऊ जणांचा गट, साठी ओलांडलेल्या एक मार्गदर्शक बाई आणि सुमारे पाच तासांचा कार्यक्रम. बाजार, भोजन, मंदिर आणि चहा असा त्याचा क्रम होता. एवढ्या अल्प काळात एखाद्या देशाची ओळख होते असा माझा दावा नाही. परंतु त्या पाच तासांत स्वतःच्या व्यवसायाची जी ओळख मला झाली, ती आपल्या त्रैमासिकाच्या वाचकांपुढे ठेवावी असे वाटले. म्हणून हा लेखनप्रपंच.

आरंभीच एक कबुली द्यावयास हवी. आदल्या रात्री मेहुण्याने प्रेमाने खिलविलेला तळलेला तेंपुरा, रात्री साडेदहाचे जेवण, त्यावर थंड पाणी आणि विमानप्रवासाचे जागरण, असा सारा हेतुसंग्रह मी जाणूनबुजून केला होता. परिणामी सकाळी उठलो तो आमाजीर्णाची सर्व लक्षणे घेऊनच. रुग्णांना मात्राशितीय अध्याय समजावून सांगणाऱ्या वैद्याची ही अवस्था होती. पुढील सर्व निवेदन या पार्श्वभूमीवर वाचावे.

बाजारातील औषधे

पदयात्रेचा आरंभ निशिकी बाजारापासून झाला. सुमारे 390 मीटर लांबीची ही एकच अरुंद, छप्पर असलेली गल्ली आहे आणि तिच्या दोन्ही बाजूंस सव्वाशेच्या आसपास दुकाने आहेत. 1615 मध्ये येथे मासळीबाजाराला अधिकृत परवानगी मिळाली. जमिनीखालील थंड पाण्याचे झरे हे बाजार येथे वसण्याचे कारण. बर्फाची सोय नसलेल्या काळात विहिरीच्या त्या पाण्यावर मासळी टिकवली जाई. आज तेथे मासळीबरोबर सोयाबीनचे तोफू, त्याच्या दुधावरची साय वाळवून केलेली युबा, मिसो, समुद्रशेवाळ, सुकवलेला बोनितो मासा आणि लोणची यांची रेलचेल आहे. चालता चालता खाऊ नये, विकत घेतलेला पदार्थ त्याच दुकानासमोर उभे राहून संपवावा, अशा सूचना जागोजागी लावलेल्या दिसल्या. जेवताना बोलू नये, हसू नये, मन अन्नात ठेवावे, हा चरकाचार्यांचा आहारविधी आपण पाठ करतो. तोच विधी येथे बाजाराचा नियम म्हणून टांगलेला पाहिला आणि थोडे ओशाळल्यासारखे झाले.

एका दुकानात बाईंनी हिरवट-करड्या रंगाची पूड तळहातावर ठेवली. जिभेवर ठेवताच मुंग्या आल्या, लाळ सुटली, आणि क्षणात मी क्योटोतून थेट कोकणात पोहोचलो. हे तर आपले तिरफळ! बाईंनी नाव सांगितले ‘सानशो’. तिरफळ आणि सानशो ही एकाच वनस्पतिकुलातील, एकाच प्रजातीची भावंडे आहेत. आपल्या निघंटूंतील तुंबरूही त्यातलाच. आपल्याकडे बांगड्याच्या आमटीत तिरफळ ठेचून घालतात, तसे तेथे चरबीयुक्त ईल माशावर सानशो भुरभुरवतात. जड, स्निग्ध अन्नावर कटु, दीपन द्रव्याचा संस्कार करावा, ही समज दोन्ही समुद्रकिनाऱ्यांवरील गृहिणींना आहे. विशेष म्हणजे हेच सानशो, सुंठ, जिनसेंग आणि धान्यशर्करा मिळून ‘दाइकेन्चुतो’ नावाचा योग होतो. पोटाच्या शस्त्रक्रियेनंतर आतड्याची गती मंदावते, तेव्हा जपानी शल्यविशारद तो आजही देतात. काम्पो म्हणून ओळखल्या जाणाऱ्या या पारंपरिक औषधांचा 1976 मध्ये राष्ट्रीय आरोग्यविम्यात मोठ्या प्रमाणावर समावेश झाला. आज असे 148 योग विम्याखाली मिळतात. मात्र तेथे आपल्यासारखी स्वतंत्र पदवी नाही. आधुनिक वैद्यकाचे पदवीधरच हे योग लिहितात. पारंपरिक चिकित्सकाला स्वतःचे स्थान असणे ही आपली जमेची बाजू आहे, हे येथे नमूद केले पाहिजे. प्रश्न एवढाच की, त्या स्थानाचे आपण काय करतो?

एक रेशमी पिशवी

बाजारातून बाहेर पडल्यावर बाई आम्हांला सुगंधी धूप विकणाऱ्या एका जुन्या दुकानात घेऊन गेल्या. चंदन, अगरू, लवंग, दालचिनी, कापूर अशी ओळखीची मंडळी तेथे सुबक लाकडी खणांत मांडलेली होती. भिंतीवर पांढऱ्या रेशमाची एक फळाच्या आकाराची पिशवी पंचरंगी दोऱ्यांच्या गोंड्यांसह टांगलेली होती. ही काय, असे विचारता बाई म्हणाल्या, “कारिरोकु. नववर्षाच्या चहापानाला बैठकीतल्या कोनाड्यात टांगतात. अरिष्ट जवळ येत नाही, अशी समजूत आहे. आत एका परदेशी झाडाची वाळलेली फळे असतात.”

दोनतीनदा उच्चार करून पाहिला आणि अंगावर काटा आला. कारिरोकु म्हणजे हरीतकी! आपला हिरडा! संस्कृत शब्द चिनी लिपीत शिरला आणि तेथून जपानी जिभेवर असा घडला. नारा येथील तोदाइजी मंदिराच्या शोसोइन भांडारात, सम्राट शोमू यांच्या निधनानंतर सम्राज्ञी कोम्यो यांनी 756 मध्ये 60 प्रकारची औषधे अर्पण केली. आजाऱ्यांना उपयोग व्हावा म्हणून दिलेल्या त्या औषधांच्या यादीत हरीतकी आहे, पिप्पली आहे, मरिचही आहे. बाराशेहून अधिक वर्षांपूर्वी हिरड्याचे ते फळ बौद्ध भिक्षू आणि व्यापारी यांच्या हातून समुद्र ओलांडून गेले. ज्या देशात त्याचे झाड उगवत नाही, त्या देशाने त्याला रेशमात गुंडाळून घरातील सर्वांत मानाच्या जागी टांगले.

औषधी दुकानदार बंधूंना येथे मुद्दाम थांबवितो. जुन्नर-आंबेगावच्या डोंगरांत महादेव कोळी बांधव बाळहिरडा गोळा करतात. तो व्यापाऱ्यांच्या हातांतून फिरत आपल्या दुकानांत येतो, तेव्हा कोणत्या स्थितीत येतो? ओल लागलेली पोती, बुरशीचा वास, किडलेली फळे, आणि त्यातच पुढील वर्षाचे त्रिफळाचूर्ण! पाण्यात बुडणारे, जड, गोलसर, नवे फळ घ्यावे, असे निघंटू सांगतात. आपल्यापैकी कितीजण आलेले पोते उघडून मूठभर फळे पाण्यात टाकून पाहतात? ज्यांनी हिरड्याला रेशीम दिले त्यांच्याकडे हिरडा नव्हता. ज्यांच्याकडे तो आहे त्यांनी त्याला गोणपाट दिले. रेशीम नको, पण कोरडी जागा, निवड आणि संग्रहाची तारीख लिहिलेली चिठ्ठी, एवढे तरी आपण त्याला देणे लागतो.

किती पातळ हवी?

साडेअकराच्या सुमारास आम्ही एका लहानशा खाणावळीत पोहोचलो. प्रत्येकासमोर एक तबक आले: भाताची वाटी, मिसोचे सार, तीन छोटे पदार्थ आणि दोन-तीन फोडी लोणचे. ‘एक सार, तीन पदार्थ’ ही जपानी ताटाची पारंपरिक मांडणी आहे. या आहारसंस्कृतीला डिसेंबर 2013 मध्ये युनेस्कोने मानवजातीच्या अमूर्त वारशाच्या यादीत स्थान दिले. तीन पदार्थांपैकी एक होता फुकी नावाच्या वनस्पतीच्या कडू कळ्यांचा. बर्फ वितळताच जमिनीतून वर येणाऱ्या या कळ्या वसंताच्या आरंभी आवर्जून खातात. हिवाळ्यात साचलेले जडत्व त्याने जाते, अशी लोकांची धारणा आहे. वसंतात कफ पातळ होऊन प्रकुपित होतो, म्हणून तिक्तरस घ्यावा, हे त्या खाणावळीत कोणी वाचले नसेल. पाडव्याला कडुनिंबाचे पान चघळणाऱ्या आपल्या आजीनेही वाचले नव्हते. ऋतुचर्या ग्रंथांत जन्मली की स्वयंपाकघरात, असा प्रश्न अशा वेळी पडतो.

माझे अजीर्ण मी बाईंना सांगितले होते. त्यांनी ते खाणावळीच्या मालकीणबाईंना सांगितले. त्यांनी एकच प्रश्न विचारला, तो बाईंनी भाषांतर करून माझ्यापुढे ठेवला: “भाताची पेज देते, पण किती पातळ हवी? पाचपट पाण्याची, सातपट की दहापट? की नुसती वरची निवळ?”

मी निरुत्तर झालो. जपानीत भाताच्या पेजेला ‘ओकायु’ म्हणतात. पाचपट पाण्याची पूर्ण पेज, सातपट पाण्याची त्याहून पातळ, दहापट पाण्याची आणखी पातळ आणि गाळून काढलेली निवळ ‘ओमोयु’ अशा तिच्या पायऱ्या ठरलेल्या आहेत. शस्त्रक्रियेनंतर किंवा दीर्घ लंघनानंतर तेथील रुग्णालयांतही रुग्णाला निवळीपासून पायरीपायरीने घट्ट पेजेवर आणि मग भातावर नेण्याची पद्धत आहे. वाचकांच्या लक्षात आलेच असेल. हा तर आपला संसर्जनक्रम! विलेपीला चौपट पाणी, यवागूला सहापट, मंडाला चौदापट. परीक्षेत हे प्रमाण लिहून मी गुण मिळविले आहेत. परंतु ‘तुम्हांला यांपैकी कोणती हवी’ हे स्वतःचा अग्नी पाहून सांगण्याची वेळ आली, तेव्हा मला ते सुचले नाही. अखेर मालकीणबाईंनीच दहापट पाण्याची ठरविली. खारवलेल्या उमे फळाच्या तुकड्याबरोबर ती गरम पेज घोट घोट घेतली आणि तासाभरात जांभया, जडपणा, तोंडाची अरुची, सारे ओसरले.

पेज पिताना मला जे आठवले, ते सांगण्यास संकोच वाटतो. परंतु तेच या लेखाचे खरे कारण आहे.

तीन वर्षांपूर्वी अतिसाराने क्षीण झालेल्या एका वृद्ध गृहस्थांना मी औषधे दिली आणि चिठ्ठीवर स्वच्छ अक्षरात पथ्य लिहिले: पेया, विलेपी, मुद्गयूष. औषधयोजना योग्य होती. वेग थांबले होते. पाचव्या दिवशी त्यांच्या सूनबाईंचा दूरध्वनी आला. रात्रीपासून पुन्हा जुलाब, चक्कर, अशक्तपणा. त्यांना रुग्णालयात दाखल करावे लागले आणि दोन दिवस शिरेतून सलाइन द्यावे लागले. नंतर चौकशी करता कळले की चार दिवस त्यांना दूध आणि बिस्किटे दिली जात होती. अग्नी मंद असताना, नुकत्याच शमलेल्या अतिसारात, दूध! मी थोड्या रागानेच विचारले, “पथ्य लिहून दिले होते ना?” सूनबाई खाली मान घालून म्हणाल्या, “डॉक्टर, ते पेया-विलेपी काय असतं ते कळलं नाही. दुकानात विचारलं, तर त्यांनाही ठाऊक नव्हतं. तुम्हांला पुन्हा विचारायला लाज वाटली.” मी म्हटले, “अहो, तांदळाची पातळ पेज.” त्या क्षणभर माझ्याकडे पाहतच राहिल्या. “पेज? मग पेज असं लिहायचं की हो! आमच्या सासूबाई रोज अकरा वाजता पेजच करायच्या.”

पेया आणि पेज यांत अंतर ते केवढे! संस्कृतातील पेया घासून घासून मराठीत पेज झाली आणि कोकण-गोमंतकात घरोघरी पोहोचली. मी तिला पुन्हा ग्रंथात नेऊन बसविले आणि रुग्णाच्या घरून हद्दपार केले. तेथील खाणावळीच्या मालकीणबाई आणि आमच्या गावच्या त्या सासूबाई एकच प्रश्न विचारू शकल्या असत्या, “किती पातळ हवी?” तो विचारता आला नाही तो पदवीधर वैद्याला.

गोड आधी, कडू नंतर

भोजनानंतर कामो नदी ओलांडून आम्ही गिओन भागातील केन्निनजी मंदिरात गेलो. एइसाइ या भिक्षूंनी 1202 मध्ये त्याची स्थापना केली. त्यापूर्वी 1191 मध्ये चीनहून परतताना त्यांनी चहाचे बी आणले होते असे सांगतात. 1211 मध्ये त्यांनी चहावर ग्रंथ लिहिला, तो रुचीसाठी नव्हे, तर आरोग्यरक्षणासाठी. चहाचा कडू रस हृदयाला हितकर, असे त्यांचे प्रतिपादन होते. जवळच्या चहागृहात आम्हांला प्रथम भाताच्या पिठाची छोटी मिठाई दिली आणि ती पूर्ण संपल्यावर हिरव्या चहाचा वाडगा हाती दिला. आधी मधुर, शेवटी तिक्त-कषाय, हा सुश्रुतोक्त क्रम पुन्हा एकदा भेटला. वाडगा दोन्ही हातांनी धरावा, थोडा फिरवावा, तीन-चार घोटांत संपवावा. पंधरा मिनिटांत कोणाचाही भ्रमणध्वनी वाजला नाही.

येथे ‘उमामी’विषयी दोन शब्द. मूळचे क्योटोचेच असलेले रसायनशास्त्रज्ञ किकुनाए इकेदा यांनी 1908 मध्ये समुद्रशेवाळाच्या सारातून ग्लुटामेट वेगळे केले आणि या चवीला उमामी हे नाव दिले. हा सातवा रस मानावा का, असे आमच्या गटातील एकाने मला विचारले. चरकसंहितेच्या आत्रेयभद्रकाप्यीय अध्यायात रस एक की अनेक, यावर ऋषींची परिषद भरली आहे. तेथे वैदेह निमी यांनी सात रस सांगितले, बडिश धामार्गव यांनी आठ. निर्णय सहाचा झाला, पण सर्वांचे म्हणणे नोंदवून झाला. उमामीलाही त्या परिषदेत बसायला जागा द्यावी, द्रव्याचे गुणकर्म पाहावे आणि मग बोलावे, एवढेच मी उत्तर दिले.

दुसरी बाजू

या साऱ्याचे गोडवे गाऊन लेख संपविणे अप्रामाणिकपणाचे होईल. मार्गदर्शित पदयात्रा नेहमी घराची ओसरीच दाखविते. स्थानकाबाहेर पडताच दर शंभर पावलांवर रात्रंदिवस उघडी दुकाने आणि तयार खाण्याची डबाबंद पाकिटे दिसतात. झटपट नूडल्सही 1958 मध्ये याच देशाने जगाला दिल्या. सर्वांत मोठा दोष लवणाचा. मिसो, सोया सॉस, लोणची, उमे, सारे खारट. चरकाचार्यांनी पिप्पली, क्षार आणि लवण ही तीन द्रव्ये अतिप्रमाणात सेवू नयेत असे बजावले आहे आणि लवण अधिक खाणाऱ्या जनपदांची नावेही दिली आहेत. त्या यादीत जपानचे नाव सहज जोडता आले असते. दुसऱ्या महायुद्धानंतरच्या दशकांत पक्षाघाताने होणारे मृत्यू तेथे फार मोठ्या प्रमाणावर होते. उत्तरेकडील आकितासारख्या प्रांतांत तर विशेषच. पुढे मीठ कमी करण्याची चळवळ आणि रक्तदाबाची चिकित्सा यांमुळे ते पुष्कळ घटले. तरीही सरासरी मीठ आजही दिवसाला 10 ग्रॅमच्या आसपास आहे. 2020 च्या मार्गदर्शक तत्त्वांनी प्रौढ पुरुषांसाठी ठरविलेली मर्यादा मात्र 7.5 ग्रॅमहून कमीची आहे.

म्हणून मिसोचे सार आणि माचा चहा आपल्या रुग्णांच्या माथी मारावा असे मी मुळीच म्हणत नाही. देशसात्म्य आणि ओकसात्म्य विसरून परदेशी पदार्थ आणण्याची हौस आज शहरांत वाढते आहेच. बर्फ, दूध आणि साखर घालून विकला जाणारा माचा एइसाइंनी ओळखलाही नसता. आणायची आहे ती त्यांची रीत, त्यांचा पदार्थ नव्हे. पथ्य हे घराच्या भाषेत, घराच्या भांड्यात आणि घराच्या सवयीत राहिले, म्हणून तेथे टिकले. काइबारा एक्केन यांनी 1713 मध्ये सामान्य वाचकांसाठी सोप्या जपानी भाषेत आरोग्यरक्षणाचा ग्रंथ लिहिला आणि पोट पूर्ण भरण्याआधी थांबण्याचा उपदेश केला. 2005 मध्ये तेथे आहारशिक्षणाचा कायदाच झाला. शाळेतील मुले दुपारचे जेवण स्वतः वाढतात आणि नंतर आवरतात. कुक्षीचे दोन भाग अन्नाने, एक द्रवाने भरावा आणि एक वायूसाठी मोकळा ठेवावा, हे वाग्भटाचार्यांनी सांगून कितीतरी शतके लोटली. ते आपण किती मुलांपर्यंत पोहोचविले?

आपल्याच अंगणात

काही वर्षांपूर्वी एका वैद्य-परिषदेत विरुद्धाहारावर उत्तम व्याख्यान झाले. त्यानंतर पावणेतीन वाजता भोजन: पनीरची तिखट भाजी, तळलेल्या पुऱ्या, गुलाबजाम आणि त्यावर आइस्क्रीम. व्याख्याते आणि मी शेजारीच रांगेत उभे होतो. आम्ही दोघेही हसलो आणि दोघांनीही ताट भरून घेतले. ते हसू आता मला बोचते.

वैद्यबंधू-भगिनींपुढे आणि औषधी दुकानदारांपुढे तीन विनंत्या ठेवतो. पहिली, आपल्यापैकी प्रत्येकाने मंड, पेया, विलेपी, मुगाचे कढण आणि ताक हे पाच पदार्थ स्वतःच्या हाताने एकदा तरी करावेत, आणि रुग्णाच्या चिठ्ठीवर ‘पेज: एक वाटी तांदूळ, चौदा वाट्या पाणी’ असे वाटी-फुलपात्राच्या मापात, घरच्या शब्दांत लिहावे. दुसरी, दुकानदारांनी हिरडा, सुंठ, पिंपळी ही द्रव्ये निवडून, संग्रहाची तारीख लिहून ठेवावीत, आणि गिऱ्हाइकाने पथ्यातील शब्द विचारला तर त्याचा अर्थ सांगण्याची तयारी ठेवावी. त्या दिवशी दुकानात एवढे उत्तर मिळाले असते, तर एका वृद्धाचे दोन दिवस रुग्णालयात गेले नसते. अर्थात मूळ दोष माझ्या लेखणीचा होता. तिसरी, आपल्या संघटनेच्या पुढील परिषदेचे भोजन ऋतूप्रमाणे, वेळेवर आणि एक भाग रिकामा ठेवून व्हावे. त्याचा स्वयंपाक आपणच करावा, असे सुचविले तर धाडस होईल काय?

ते वृद्ध गृहस्थ आज ठणठणीत आहेत. क्योटोहून परतल्यावर मी त्यांच्या घरी गेलो. सूनबाईंकडून पेज शिकलो. त्यांनी तांदूळ किंचित भाजून घेतला, चिमूटभर सैंधव घातले आणि पातेले चुलीवर चढविताना सहज विचारले, “किती पातळ करू?”

या वेळी माझ्याजवळ उत्तर होते.